आर्मी एक, डब्ल्यू-२ तीन

१५ नोव्हेंबर २०१८ ला टेक्सासमधल्या फोर्ट हूडला माझी आर्मीतली पूर्णवेळ नोकरी, म्हणजे अ‍ॅक्टिव्ह ड्युटी संपली. साडेचार वर्षं झाली होती, त्यातले त्या वर्षीचे आठ महिने अफगाणिस्तानात बग्रामला. शेवटच्या दिवशी एकेक कागदावर सह्या घेत फिरलो, ड्युटी संपल्याचा दाखला डीडी २१४ हातात आला, आणि सगळ्यात शेवटी काउंटरवर कॅक कार्ड परत दिलं. कॅक म्हणजे चिप असलेलं सैन्याचं ओळखपत्र, गेटमधून आत जायला तेच, कॉम्प्युटर उघडायला तेच, आणि पगाराची वेबसाइट मायपे उघडायलाही मी कायम तेच वापरायचो. ते कार्ड देताना माझ्या डोक्यात टॅक्सचा विचारही नव्हता. नोव्हेंबरमध्ये कोणाच्या डोक्यात असतो.

हे लिहायला घेतलं कारण ओळखीतल्या मराठी घरांतली काही मुलंमुली आता अमेरिकेच्या सैन्यात आहेत, कोणी आर्मीत, कोणी एअर फोर्समध्ये, आणि दर जानेवारीला त्यांचे किंवा त्यांच्या आईवडिलांचे फोन येतात की डब्ल्यू-२, म्हणजे वर्षभराचा पगार आणि कापलेला टॅक्स दाखवणारा मालकाचा कागद, कुठे मिळतो, आणि मिळाला तर त्यात पगार एवढा कमी का दिसतोय. आईवडिलांना नोकरीतला डब्ल्यू-२ माहीत असतो, एक मालक, एक कागद, विषय संपला. सैन्यात तसं नाहीये हे मला स्वतःला मार्च २०१९ मध्ये कळलं, रिटर्न भरून झाल्यावर.

तर ड्युटी संपल्यावर मी किलीनचं अपार्टमेंट सोडून अर्व्हिंगला आईबाबांकडे आलो, साधारण दीडशे मैल. सामान मीच हलवलं. आर्मीत याला पीपीएम म्हणतात, पूर्वी डिटी म्हणायचे, म्हणजे सरकारने मूव्हर्स पाठवण्याऐवजी आपणच ट्रक भाड्याने घ्यायचा, रिकाम्या ट्रकचं वजन करून पावती घ्यायची, सामान भरून परत वजन करायचं, आणि सरकारला तेवढं सामान हलवायला जो खर्च आला असता त्याच्या ९५ टक्के पैसे (तेव्हा ९५ होते) आपल्याला मिळतात. मला ढोबळ २४०० डॉलर मंजूर झाले आणि माझा खर्च ट्रक, पेट्रोल, खोकी, टेप आणि वजनकाट्याचे पैसे धरून ६०० च्या आसपास होता. पैसे नाताळच्या आधी खात्यात आले, थोडे कापून आले होते, मी ते बघितलं पण का कापले ते विचारलं नाही. हे लक्षात ठेवा, पुढे याच्यावरच सगळं अडलं.

डिसेंबरच्या पहिल्या वीकेंडपासून मी आर्मी रिझर्व्हमध्ये, म्हणजे वीकेंडच्या अर्धवेळ सैन्यात, जायला लागलो. तिथल्या सरावाला ड्रिल म्हणतात. एका ड्रिल वीकेंडचे चार ड्रिल धरतात आणि एका ड्रिलचा पगार म्हणजे महिन्याच्या बेसिकचा तिसावा भाग. माझं बेसिक साधारण अडीच हजार होतं, म्हणजे वीकेंडचे ३३३ डॉलर. तेही डिसेंबरमध्येच जमा झाले.

जानेवारी उजाडला. त्या जानेवारीत सरकार अर्धवट बंद होतं, २२ डिसेंबरपासून २५ जानेवारीपर्यंत. संरक्षण खात्याचं बजेट आधीच मंजूर झालेलं असल्यामुळे आर्मीचे पगार थांबले नाहीत, पण कोस्ट गार्ड होमलँड सिक्युरिटी या दुसऱ्या खात्यात येतं, त्यांच्या लोकांचा १५ जानेवारीचा पगार खरंच आला नाही. माझा एक मित्र कोस्ट गार्डमध्ये होता, घरी लहान बाळ, त्याच्याशी रोज बोलणं व्हायचं, म्हणून माझ्या कागदाची चिंता मला तेव्हा किरकोळ वाटत होती.

मग फोर्ट हूडच्या जुन्या ग्रुपमध्ये मेसेज पडायला लागले, डब्ल्यू-२ आला, मायपेवर दिसतोय. मला काहीच आलं नाही. ईमेल नाही, पोस्ट नाही. बसून विचार केल्यावर एकेक कडी लागत गेली. कधीतरी २०१५ मध्ये मी मायपेवर "कागदी प्रत नको, फक्त ऑनलाइन" असं निवडलेलं होतं, म्हणजे पोस्टाने काही येणारच नव्हतं. ईमेल दिला होता सैन्याचा, जो ड्युटी संपल्यावर बंद झाला, सूचना गेली असेल तर तिकडे गेली. पत्ता होता किलीनच्या अपार्टमेंटचा. आणि लॉगिन कायम कार्डाने केल्यामुळे युजरनेम पासवर्ड मी एकदा बनवून विसरलो होतो. पासवर्ड विसरला म्हणून तात्पुरता मागवला तर तो पोस्टाने नोंदवलेल्या पत्त्यावर जाणार होता, म्हणजे परत किलीन!

म्हणून बाहेर पडणाऱ्या प्रत्येकाला मी हे सांगतो, कार्ड द्यायच्या आदल्या आठवड्यात मायपे उघडा आणि स्वतःचा खाजगी ईमेल टाका, नवा पत्ता टाका, युजरनेम पासवर्ड नवीन करा आणि कार्डाशिवाय, घरच्या कॉम्प्युटरवरून एकदा लॉगिन करून बघा. ड्युटी सोडल्यावरही मायपे १३ महिने उघडतं, म्हणजे पुढच्या जानेवारीचा डब्ल्यू-२ सहज मिळतो, पण आत शिरता आलं पाहिजे ना. आणि आत असताना तुमचे एलईएस, म्हणजे पगाराच्या स्लिपा, सगळ्या उतरवून ठेवा, निदान शेवटची तरी.

मला वाट रिझर्व्हमुळे मिळाली. फेब्रुवारीच्या सुरुवातीला रिझर्व्हचं नवीन कॅक कार्ड झालं आणि ड्रिलच्या शनिवारी जेवणाच्या सुट्टीत युनिटच्या कॉम्प्युटरवर कार्ड घालून मी मायपे उघडलं. आधी पत्ता बदलला, ईमेल बदलला, मग टॅक्स स्टेटमेंटवर गेलो. तिथे दोन डब्ल्यू-२ होते. एक अ‍ॅक्टिव्ह आर्मीचा, एक रिझर्व्हचा. दोन का, तर आर्मीची अ‍ॅक्टिव्ह आणि रिझर्व्ह पगाराची यंत्रणा वेगवेगळी आहे, दोन्ही संरक्षण खात्याचं पगाराचं ऑफिस डीफॅसच चालवतं, पण हिशोब वेगळा, म्हणून कागद वेगळा, आणि मायपेवर टाकायच्या तारखाही वेगळ्या, रिझर्व्हचे जानेवारीत आधी येतात, अ‍ॅक्टिव्हचे नंतर. मरीन कॉर्प्समध्ये असं नाही, त्यांची एकच यंत्रणा आहे. रिझर्व्हच्या कागदावर फक्त ते ३३३ डॉलर होते, एका वीकेंडचे. मी दोन्ही छापले, घडी करून खिशात घातले आणि मला वाटलं झालं काम.

संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर बाबांनी तो अ‍ॅक्टिव्हचा कागद हातात घेतला. बाबा गेली वीस वर्षं घरचं रिटर्न स्वतः भरतात, त्यांना हे सगळं तोंडपाठ. त्यांनी चष्मा लावला, बॉक्स १ वर, म्हणजे टॅक्सेबल पगाराच्या रकान्यावर, बोट ठेवलं आणि म्हणाले, "हे चुकलंय रे. साडेदहा महिन्यांचे तुला ३७५० डॉलर दिले?"

मी पण बघतच राहिलो. बॉक्स १ मध्ये ३७५० आणि बॉक्स ३ आणि ५ मध्ये २६ हजारांच्या वर. बाबा म्हणाले, "रिटायरमेंटसाठी फोर-ओ-वन-के मध्ये पैसे टाकले की बॉक्स १ कमी होतो, पण इतका? तू काय अख्खा पगार टाकत होतास काय?"

मग आम्ही दोघं वही घेऊन बसलो आणि रात्री अकरापर्यंत तो कागद सोडवला, आणि मला आजही वाटतं की सैन्यातल्या प्रत्येकाने एकदा तरी हे असं वही घेऊन करावं, कारण नुसतं सॉफ्टवेअरमध्ये आकडे टाकले तर चूक असली तरी कळत नाही.

तर असं आहे. कॉम्बॅट झोनमध्ये असताना सैनिकाचा पगार इन्कम टॅक्समधून वगळला जातो. एनलिस्टेड, म्हणजे साधे सैनिक, किंवा वॉरंट ऑफिसर असाल तर सगळाच्या सगळा, कमिशन्ड ऑफिसर असाल तर एका मर्यादेपर्यंत. आणि महिन्यातला एक दिवस जरी तिथे असलात तरी अख्खा महिना धरतात. मी जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात बग्रामला पोचलो आणि २ सप्टेंबरला निघालो, म्हणजे सप्टेंबरचे मोजून दोन दिवस, पण पूर्ण सप्टेंबर टॅक्स-फ्री. जानेवारी ते सप्टेंबर नऊ महिने, अडीच हजारप्रमाणे २२,५००. उरले ऑक्टोबर आणि अर्धा नोव्हेंबर, अडीच हजार अधिक साडेबाराशे, ३७५०. बरोब्बर बॉक्स १ चा आकडा. बाबांनी वहीत त्या आकड्याभोवती गोल केला.

मग बॉक्स ३ आणि ५ एवढे मोठे का? कारण सूट फक्त इन्कम टॅक्सची आहे. सोशल सिक्युरिटीचे, म्हणजे सरकारी पेन्शनचे, ६.२ टक्के आणि मेडिकेअरचे, म्हणजे म्हातारपणच्या आरोग्यविम्याचे, १.४५ टक्के कॉम्बॅट झोनमध्येही कापतातच, आणि ते बेसिक पगारावर कापतात, म्हणून तिथे साडेदहा महिन्यांचं सगळं बेसिक दिसतं, साधारण २६,२५०. वगळलेली रक्कम बॉक्स १२ मध्ये क्यू या कोडपुढे लिहिलेली असते. तुम्ही कॉम्बॅट झोनमध्ये होतात आणि डब्ल्यू-२ वर क्यू नाही, तर तो कागद तसाच भरायला घेऊ नका, आधी युनिटच्या फायनान्सवाल्यांना दाखवा, दुरुस्त झालेला येतो त्याला डब्ल्यू-२सी म्हणतात. त्याच बॉक्समध्ये माझ्याकडे डबल ए कोडही होता, तो रॉथ टीएसपीत टाकलेल्या पैशांचा. टीएसपी म्हणजे सरकारी नोकरांचं फोर-ओ-वन-के सारखं खातं, आणि रॉथ म्हणजे त्यात टॅक्स आधी भरून टाकलेले पैसे. साधं, रॉथ नसलेलं टीएसपी असेल तर कोड डी येतो.

बाबांनी पुढचा प्रश्न विचारला की घरभाड्याचे पैसे कुठेत. बीएएच आणि बीएएस, म्हणजे राहण्याचा आणि जेवणाचा भत्ता, टॅक्सच्या बाहेरच आहेत, ते बॉक्स १ मध्ये येत नाहीत, बॉक्स ३ मध्ये पण नाही. म्हणून वर्षभर बँकेत जमा झालेले पैसे आणि डब्ल्यू-२ कधीच जुळणार नाहीत, ते जुळवायला जाऊ नका. जुळवायचं ते एलईएसशी. त्याच्यावर फेडरल टॅक्सचा रकाना असतो, त्यात वर्षातला आतापर्यंतचा टॅक्सेबल पगार लिहिलेला असतो, तो आणि बॉक्स १ एक पाहिजे. शेजारी फायका, म्हणजे सोशल सिक्युरिटी आणि मेडिकेअरच्या, टॅक्सचा रकाना, त्यातला सोशल सिक्युरिटीचा वर्षाचा पगार आणि बॉक्स ३ एक पाहिजे. दोन मिनिटांचं काम आहे. माझी शेवटची अ‍ॅक्टिव्हची स्लिप नोव्हेंबरची होती, जुळली.

बॉक्स १५, १६, १७ रिकामे होते. ते स्टेट टॅक्सचे. मी डीडी २०५८ फॉर्म भरून टेक्सास हे माझं कायदेशीर रहिवासाचं राज्य केलेलं होतं, लायसन्स, मतदार नोंदणी, गाडी सगळं तिथलंच, आणि टेक्सासला स्टेट इन्कम टॅक्स नाही. ज्यांचं राज्य वेगळं आहे त्यांनी हा भाग नीट बघा, कारण पोस्टिंग कुठे आहे त्यावर सैन्याच्या पगाराचा स्टेट टॅक्स ठरत नाही, कायदेशीर रहिवास कुठला आहे त्यावर ठरतो, आणि प्रत्येक राज्याचा नियम निराळा.

असो. मग मी मिलटॅक्सला फोन केला. मिलिटरी वनसोर्सची ही सोय आहे, फुकट, रिटर्न भरायचं सॉफ्टवेअरही देतात आणि फोनवर टॅक्सचा माणूसही देतात, आणि ड्युटी सोडून गेलेल्यांनाही एक वर्षापर्यंत चालते. माझ्याशी ज्या बाई बोलल्या त्या फार शांत होत्या, एकेक गोष्ट विचारत गेल्या. बग्रामला असताना सेव्हिंग्ज डिपॉझिटमध्ये पैसे टाकले होते का, हे त्यांनीच विचारलं. टाकले होते, सहा हजार. ही स्कीम कॉम्बॅट झोनमधल्यांसाठी आहे, दहा हजार डॉलरपर्यंत टाकता येतात आणि वर्षाला १० टक्के व्याज, एवढं व्याज मला दुसरीकडे कुठे कधी मिळालं नाही, ज्यांना संधी मिळेल त्यांनी सोडू नये. पण त्या व्याजाला टॅक्सची सूट नाही, पगाराला असली तरी व्याजाला नाही, आणि त्याचा वेगळा कागद येतो, १०९९-इंट, जानेवारीच्या शेवटी. मला हे माहीत नव्हतं. तो कागद मायपेवर निघाला, तीनशे डॉलरच्या आसपास व्याज.

मग त्यांनी विचारलं, अर्न्ड इन्कम क्रेडिटसाठी कॉम्बॅट पे मोजायचा का? हे क्रेडिट म्हणजे कमी कमाई असलेल्यांना सरकारकडून रिफंडमध्ये मिळणारे पैसे. हा प्रश्न सॉफ्टवेअरही विचारतं आणि बरेच जण न वाचता हो करतात. यात निवड आपली आहे, टॅक्स-फ्री असलेला कॉम्बॅट पे या क्रेडिटसाठी उत्पन्नात धरा किंवा सोडा, दोन्ही करून बघायचं आणि ज्यात जास्त मिळेल ते घ्यायचं. मूलबाळ नसलेल्या एकट्या माणसाला २०१८ साठी उत्पन्नाची मर्यादा १५,२७० होती. माझे २२,५०० धरले असते तर क्रेडिट शून्य. सोडले तर मिळत होतं. मुलं असलेल्या माझ्या एका सार्जंटच्या घरी नेमकं उलट झालं, त्यांना धरल्यामुळे जास्त मिळालं. त्यामुळे दुसऱ्याचं बघून टिक करू नका.

आणि मग त्यांनी तो प्रश्न विचारला, "मूव्हिंगचे काही पैसे मिळाले का?"

मी म्हणालो, मिळाले, पण मिलिटरी मूव्ह टॅक्स-फ्री असते.

मी हे वाचलेलं होतं. २०१८ पासूनच्या नवीन टॅक्स कायद्यात बाकीच्या नोकरदारांची मूव्हिंगची सूट गेली आणि सैन्याची ठेवली, ही बातमी तेव्हा सगळीकडे होती, आणि मी त्याचा अर्थ असा घेतला की सैन्याने मूव्हसाठी दिलेला प्रत्येक डॉलर टॅक्स-फ्री. त्यांनी माझ्या शब्दावर विश्वास ठेवला, ठेवणारच, कागद माझ्याकडे होते. रिटर्न फाइल झालं. अर्न्ड इन्कम क्रेडिट असलेले रिफंड फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत सोडतच नाहीत, त्यामुळे पैसे महिनाअखेरीला आले.

मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात मी नवीन नोकरीवरून घरी आलो तर आईने पोस्टाची थप्पी टेबलावर ठेवली होती आणि एक लखोटा वेगळा काढून ठेवला होता. म्हणाली, "तुझ्या नावाचं काहीतरी सरकारी दिसतंय, जुन्या पत्त्यावरून फिरून आलंय बघ."

लखोट्यावर किलीनचा पत्ता छापलेला आणि त्याच्यावर पोस्टाची पिवळी पट्टी, त्यावर अर्व्हिंगचा पत्ता. पत्ता बदलल्याचा फॉर्म मी पोस्टात नोव्हेंबरमध्ये भरला होता, ती एक गोष्ट बरोबर केली होती. आत डब्ल्यू-२. तिसरा. बॉक्स १ मध्ये १८००, बॉक्स २ मध्ये ३९६.

मी उभ्याउभ्याच हिशोब केला. २४०० मधून माझा ६०० खर्च गेला की १८००. म्हणजे खर्च भागवून माझ्याकडे जे उरलं तो फायदा, आणि फायद्याला सूट नाही. सूट खर्चाला आहे. त्या १८०० वर २२ टक्के फेडरल टॅक्स आधीच कापला होता, ते ३९६, तेच ते डिसेंबरमध्ये कापून आलेले पैसे. हा ट्रॅव्हलचा डब्ल्यू-२, प्रवास आणि मूव्हच्या पैशांचा, पगाराच्या डब्ल्यू-२ मध्ये तो मिसळत नाहीत. मला कोणी सांगितलं नव्हतं हे खरं, पण मी विचारलंही नव्हतं.

त्या रात्री मला झोप लागली नाही, खोटं रिटर्न भरलं असं वाटत होतं. सैन्यात असताना सही केलेल्या कागदाची फार किंमत असते आणि मी त्या रिटर्नवर सही केली होती. सकाळी परत मिलटॅक्सला फोन केला. यावेळी दुसरा माणूस होता, त्याने ऐकून घेतलं आणि पहिलं वाक्य असं बोलला की हे रोज होतं, घाबरू नकोस, १०४०-एक्स भर.

१०४०-एक्स म्हणजे भरलेल्या रिटर्नची दुरुस्ती. तेव्हा ती ऑनलाइन जात नव्हती, कागदावर भरून पोस्टानेच पाठवायची, ऑनलाइन २०२० मध्ये सुरू झालं. पहिला रिफंड हातात आल्यावरच दुरुस्ती पाठवावी असं सांगतात, माझा आलेला होता. तीन कॉलम असतात, आधी काय लिहिलं, किती बदल, आणि आता बरोबर काय. खाली कारण लिहायचं. मी दोनच ओळी लिहिल्या, मूव्हचा डब्ल्यू-२ रिटर्न भरल्यानंतर मिळाला, प्रत जोडली आहे. बाबांनी एकदा तपासलं.

आणि आकडे मांडल्यावर आम्ही दोघंही एकमेकांकडे बघायला लागलो, कारण मी टॅक्स बुडवलेला नव्हता, माझेच पैसे तिकडे राहिले होते. अ‍ॅक्टिव्हचे ३७५०, रिझर्व्हचे ३३३, मूव्हचे १८०० आणि व्याजाचे तीनशे, सगळं मिळून सव्वासहा हजाराच्या आत, आणि २०१८ साठी एकट्या माणसाचं स्टँडर्ड डिडक्शन १२ हजार. म्हणजे इन्कम टॅक्स शून्य. कापलेले ३९६ पूर्ण परत यायला हवे होते, शिवाय कमाई वाढल्यामुळे अर्न्ड इन्कम क्रेडिटही थोडं वाढत होतं. तो लखोटा पोस्टात हरवला असता तर मला आयुष्यात कळलं नसतं. अशी दुरुस्ती तीन वर्षांच्या आत करता येते, त्यामुळे जुनी मूव्ह आठवत असेल तर जुने कागद काढून बघा.

पोस्टात जाऊन रजिस्टर करून पाठवलं. सोळा आठवडे लागू शकतात असं सांगितलं होतं. वेबसाइटवर स्थिती दिसायला तीनेक आठवडे लागले. चेक जुलैमध्ये आला, पाचशे तीस डॉलरच्या आसपास.

तेव्हापासून मी डिसेंबरच्या शेवटी एका कागदावर लिहून काढतो की या वर्षात सैन्याकडून पैसे कोणकोणत्या वाटेने आले. ड्रिल, अ‍ॅक्टिव्ह ऑर्डर, मूव्ह, डिपॉझिटचं व्याज. प्रत्येक वाटेपुढे कागद आला की खूण. सगळ्या खुणा झाल्याशिवाय रिटर्न उघडायचं नाही, कोणी कितीही म्हणो की माझा रिफंड जानेवारीतच आला. मालकाने ३१ जानेवारीपर्यंत डब्ल्यू-२ द्यायचा असतो, तोपर्यंत थांबायला काय जातंय? फेब्रुवारी संपला आणि तरी आला नाही तर टॅक्स खात्याला, आयआरएसला, फोन करता येतो, आणि अगदीच नाही मिळाला तर फॉर्म ४८५२ आहे, स्लिपेवरून आकडे काढून भरायचा, पण ती वेळ माझ्यावर आली नाही.

एक मात्र २०२० मध्ये झालं ते सांगतो, कारण त्यावरून अजून विचारतात. त्या वर्षी सप्टेंबर ते डिसेंबर सैन्यातल्या बहुतेकांचे सोशल सिक्युरिटीचे ६.२ टक्के कापलेच नाहीत, पुढे ढकलले, आपल्याला नको म्हणायची सोय नव्हती. पगार वाढल्यासारखा दिसला, युनिटमधल्या पोरांनी खर्च केला, आणि २०२१ मध्ये ते पैसे हप्त्याहप्त्याने पगारातून परत कापले. नंतर २०२० चा डब्ल्यू-२सी आला, सोशल सिक्युरिटीच्या कापणीचा बॉक्स ४ बदललेला. तो बघून कितीतरी जण १०४०-एक्स भरायला निघाले होते. त्या वर्षात एकच मालक असेल आणि दुरुस्ती फक्त त्या ढकललेल्या सोशल सिक्युरिटीची असेल तर काहीच करायची गरज नव्हती, डीफॅसने तसं लिहूनच दिलं होतं. मी आमच्या सेक्शनमधल्या सहा जणांना तो परिच्छेद उघडून दाखवला, तिघांचे फॉर्म भरून तयार होते.

या जानेवारीत आमच्या ओळखीतल्या एका मुलीचा फोन आला, फोर्ट ड्रमला असते, न्यूयॉर्कमध्ये, बावीस वर्षांची. उन्हाळ्यात केंटकीतून, फोर्ट कॅम्पबेलहून बदली झाली होती. म्हणाली, "दादा, माझा डब्ल्यू-२ आला मायपेवर, आज रात्री फाइल करून टाकते, सगळ्यांनी केलं." मी विचारलं, "अगं, सामान कोणी हलवलं?" तर म्हणाली मीच, ट्रक घेऊन, मैत्रीण होती बरोबर. "पैसे उरले का?" उरले म्हणाली, बाराशे तेराशे. मग मी तिला मायपे परत उघडायला लावलं, तिने टॅक्स स्टेटमेंटची यादी फोनवर वाचून दाखवली, त्यात ट्रॅव्हलचा नव्हता. ३१ पर्यंत थांब म्हटलं. पत्ता विचारला तर अजून कॅम्पबेलच्या बराकीचाच होता, तो फोन चालू असतानाच बदलून घेतला. कागद आला की बॉक्स २ चा आकडा मला पाठवते म्हणाली.